बारा बिघे काळी जमीन निसर्गावर सोडायची असेल तर

प्रश्न थोडक्यात असा आहे. इंदूरच्या राजेंद्र नगरात राहणाऱ्या एका कुटुंबाची सिमरोलच्या पुढे, चोरलच्या वाटेवर बारा बिघे, म्हणजे सुमारे तीन हेक्टर वडिलोपार्जित जमीन आहे. खालच्या अंगाला चार-पाच फूट खोल काळी माती, वरच्या अंगाला मुरमाड चढ, मधून एक नाला. इतकी वर्षं बटाईने सोयाबीन आणि गहू निघत होता. आता बटाईदाराने हात वर केले आहेत, मुलं बाहेरगावी आहेत आणि जमीन विकायची नाही. ‘नुसती सोडून दिली तर आपोआप जंगल होईल का, किती वर्षांत होईल, आणि झाडं लावावी लागतील का?’

मुरमाड चढावर आणि नाल्याकाठी होईल. खोल काळ्या मातीवर तुमच्या मनातलं जंगल बहुधा होणार नाही, तिथे गवताळ रान होईल आणि त्यात विरळ झाडं येतील. झाडं लावायची जवळजवळ गरज नाही. पण पहिली पाच वर्षं आग, मोकाट चराई आणि उपरं तण या तिघांना आवरलं नाही, तर दहा वर्षांनीही तिथे गाजर गवत, घाणेरी आणि चार बाभळी एवढंच दिसेल. काम वर्षातून मोजक्या दिवसांचं आहे, पण ते त्या-त्या महिन्यातच व्हावं लागतं. सप्टेंबरचं काम दिवाळीनंतर केलं तर ते न केल्यासारखंच.

काळ्या मातीचं आधी समजून घ्या, कारण सगळी निराशा तिथून सुरू होते. माळव्याच्या काळ्या मातीत चिकणमातीचं प्रमाण फार. पाण्याने ती फुगते, उन्हाने आकसते. एप्रिल-मेमध्ये भेगा इतक्या रुंद होतात की हात सहज आत जातो, आणि त्या भेगांच्या कडेला आलेल्या रोपाची कोवळी मुळं अक्षरशः ताणून तुटतात. जुलै-ऑगस्टमध्ये उलटी गत: पाणी मुरत नाही, माती गच्च होते, मुळांना हवा मिळत नाही. इंदूरला वर्षाला साधारण 950 मिलिमीटर पाऊस पडतो, पण बहुतेक सगळा चार महिन्यांत. म्हणजे एकाच रोपाला बुडणं आणि सुकणं दोन्ही सोसावं लागतं. हे सोसणारी झाडं थोडी: बाभूळ, हिवर, पळस, बोर, शिंदी. आणि हे सगळ्यात चांगलं सोसतात ती बहुवर्षीय गवतं. म्हणून माळव्याच्या खोल मातीवर जुन्या काळापासून ‘बीड’ म्हणजे राखलेली गवताची कुरणं होती. त्यांना उजाड किंवा पडीक समजणं ही चूक आहे. रतलाम जिल्ह्यातलं सैलाना आणि धार जिल्ह्यातलं सरदारपूर ही खरमोर पक्ष्याची अभयारण्यं 1983 साली झाली, ती अशाच गवतासाठी. पावसाळ्यात अंडी घालायला येणाऱ्या या पक्ष्याला गुडघाभर गवत लागतं, दाट झाडी नको असते. त्याची संख्या आता फारच थोडी उरली आहे, त्याला गवताळ रानं नांगराखाली जाणं हेही एक मोठं कारण आहे. तेव्हा तुमच्या खालच्या सात-आठ बिघ्यांत पाच वर्षांनी नुसतं गवत दिसलं तर काम बिघडलं असं मानू नका.

मुरमाड भागाचा हिशोब वेगळा. तिथे माती वीतभर असली तरी खालच्या फुटक्या काळ्या दगडात मुळं शिरतात, पाणी साचत नाही. सिमरोलच्या घाटात उतरताना जी झाडं दिसतात तीच इथे येणार: सागवान, धावडा, सालई, मोयन, तेंदू, खैर, आवळा, बेल, सीताफळ. त्या घाटाचं रान तुमच्या जमिनीपासून जेवढं जवळ, तेवढं काम सोपं.

आता सोडायची कधी? शेवटचं पीक गव्हाचं असू द्या, सोयाबीनचं नको. सोयाबीन निघाल्यावर जमीन मोकळी आणि भुसभुशीत उरते, आणि जूनचा पहिला जोरदार पाऊस उघड्या मातीवर पडून ती नाल्यात घेऊन जातो. गव्हाचे उभे धसकट, ज्याला इकडे नरवाई म्हणतात, ती तशीच राहू दिली तर मार्चपासून जूनपर्यंत मातीवर सावली राहते आणि उडत आलेलं बी तिच्यात अडकतं. नरवाई जाळायची नाही, रोटाव्हेटर फिरवायचा नाही, ‘एक शेवटची नांगरट’ तर नकोच. ट्रॅक्टरने मातीखाली घट्ट थर झाला असेल अशी भीती घालून कोणी सबसॉयलर, म्हणजे खोल फाळाचं अवजार, चालवायला सांगेल, ते ऐकू नका. काळी माती फुगून-आकसून तो थर दोन-चार उन्हाळ्यांत स्वतःच फोडते.

त्याच्या आधीच्या खरिपातली तणनाशकं मात्र नीट विचारून घ्या. सोयाबीनमध्ये वापरलं जाणारं क्लोरीम्युरॉन आपल्यासारख्या विम्ल (अल्कधर्मी) मातीत जास्त काळ टिकतं. इमॅझेथापायरचाही अंश पुढच्या हंगामापर्यंत राहू शकतो. यांनी रुंद पानाची रोपं उगवताच पिवळी पडतात आणि दोष बियाण्यावर जातो. जमत असेल तर शेवटच्या खरिपात खुरपणी आणि डवऱ्यावर भागवा. गव्हाला युरिया-डीएपीही हात राखूनच द्या. उरलेल्या खताचा फायदा नंतर येणाऱ्या वार्षिक तणांनाच होतो, बहुवर्षीय गवताला नाही.

त्याच उन्हाळ्यात कागदाची कामं उरका. शेत पडीक दिसलं की शेजारचा ट्रॅक्टर दरवर्षी नांगराच्या एकेका ओळीएवढा बांध कोरतो, आणि पाच-सात वर्षांत अर्धा बिघा कुठे गेला ते कळत नाही. तहसिलीत अर्ज करून सीमांकन करून घ्या, कोपऱ्यांवर दगड पुरा, फोटो काढून ठेवा. जमीन-महसूल वेळेवर भरा आणि खसऱ्यात, म्हणजे जमिनीच्या सरकारी नोंदीत, तुमच्या नावासमोर काय चढलं आहे ते दरवर्षी पाहा. बोअर असेल तर मोटर काढून तोंडाला लोखंडी झाकण वेल्ड करून घ्या. उघडा बोअर गवतात दिसत नाही आणि त्यात मूल पडण्याच्या बातम्या आपल्या प्रदेशात नवीन नाहीत. ठिबकच्या नळ्या, प्लास्टिकचं आच्छादन, पाइपांचे तुकडे सगळं बाहेर काढा.

पहिल्या पावसाळ्यात जे येईल ते पाहून घाबरायला होतं. टाकळा, केना, कुंजरू, सावा, लव्हाळा, हरळी आणि सगळ्यांच्या वर गाजर गवत. गावातली माणसं हसतील, ‘खेत बिगाड़ दिया’ म्हणतील. यातली बहुतेक तणं नांगराची सोबती आहेत. जमीन दरवर्षी उलटीपालटी होते म्हणून ती टिकतात. नांगर थांबला की दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी बहुवर्षीय गवतं मधे शिरतात आणि वार्षिक तणांना उगवायला उघडी माती मिळत नाही. सप्टेंबरात एक मीटर लांब-रुंद चौकट जमिनीवर ठेवून उकिडवे बसा आणि गवत बाजूला सारून आत पाहा. वरून हिरवंगार दिसणाऱ्या जागी खाली निम्मी माती उघडी असेल, तर ते अजून तणांचं राज्य. खाली बोटाएवढ्या जाडीचे, मुळाशी घट्ट गुच्छ धरलेले बुंधे दिसले आणि त्यांच्या मधे जुन्या काडीचा थर असला, तर बहुवर्षीय गवत बसलं असं समजा. मारवेल या बहुवर्षीय गवताच्या कांड्यांच्या गाठींवर पांढऱ्या बारीक केसांचं कडं असतं, त्यावरून ते फुलोरा नसतानाही ओळखता येतं.

झाडांच्या बाबतीत लोक बियांकडे पाहतात, पण निम्मं जंगल आधीच जमिनीखाली असतं. पळस, बोर, तेंदू, शिंदी यांची जुनी खोडं-मुळं बांधाच्या कडेला आणि मुरमाड भागात वर्षानुवर्षं नांगर आणि वखराचा मार खाऊनही जिवंत राहतात. नांगरट थांबल्यावर पहिल्याच पावसाळ्यात तिथून धुमारे फुटतात. बियांपासून आलेलं पळसाचं रोप पहिल्या वर्षी वीतभरही होत नाही, पानं लहान असतात. जुन्या मुळावरचा धुमारा त्याच काळात कमरेएवढा होतो, तीन पानांचं त्रिदळ हाताच्या पंजाहून मोठं आणि चामड्यासारखं जाड, आणि बुडाशी माती उकरली की मनगटाएवढं गाठाळ लाकूड लागतं. असा धुमारा दिसला की शेजारी बांबूची काठी रोवून वर लाल चिंधी बांधा, म्हणजे गवत कापणारा विळा त्याच्यावरून फिरणार नाही.

एका बुंध्यातून दहा-पंधरा धुमारे येतात आणि सगळे ठेवले तर झुडूपच राहतं. दुसऱ्या हिवाळ्यात, जानेवारी-फेब्रुवारीत, त्यांतले सरळ आणि जाड दोन-तीन ठेवून बाकीचे जमिनीसपाट कापा. ठेवलेल्यांच्या बाजूच्या फांद्या उंचीच्या खालच्या अर्ध्या भागातल्याच काढा, वरच्या राहू द्या. कोयता धारदार हवा, साल सोलली गेली की तिथून कीड शिरते. पुढच्या वर्षी पुन्हा एकदा, मग एकच खोड ठेवून सोडून द्या. आफ्रिकेतल्या नायजरमध्ये ऑस्ट्रेलियन कृषितज्ज्ञ टोनी रिनॉडो यांनी 1980च्या दशकात हीच साधी पद्धत शेतकऱ्यांबरोबर रुजवली आणि तिथे सुमारे 50 लाख हेक्टरांवर झाडं परत आली, तीही बहुतांश न लावता. आपल्याकडे एकच काळजी: बोराचे धुमारे सगळे मोकळे करू नका. बोराच्या काटेरी जाळीत शेळी तोंड घालत नाही, आणि तिच्या आत तेंदू, कडुनिंब, बेल यांची रोपं सुरक्षित वाढतात. काही जाळ्या मुद्दाम तशाच ठेवायच्या.

आता आगीकडे. चांगल्या वर्षी बहुवर्षीय गवताचं वाळलेलं वजन हेक्टरी तीन-चार टन भरतं, आणि मार्च-एप्रिलमध्ये आजूबाजूच्या शेतांत नरवाई पेटते. बंदी आहे, दंड आहे, तरी पेटतेच. दुपारच्या वाऱ्यात ठिणगी बांध ओलांडते. एका आगीत पळस-बाभूळ वाचतात, पण दोन-तीन वर्षांची बियांची रोपं सगळी जातात आणि पुढच्या पावसाळ्यात मोकळ्या राखेवर पुन्हा गाजर गवत येतं. त्यासाठी चारी बाजूंनी चार मीटर रुंद जाळरेषा, म्हणजे आग अडवणारी मोकळी पट्टी, लागते. काळ्या मातीवर ती नांगरून होते: ऑक्टोबर-अखेरीस एकदा, ओल आहे तोवर, आणि फेब्रुवारीत वखराची दुसरी पाळी. मुरमाड भागात गवत बुडाशी कापून बाहेर काढा, नांगर तिथे लावू नका, नाहीतर पहिल्या पावसात तीच ओघळ होते. जमिनीच्या मधूनही नाल्याला धरून एक आडवी पट्टी ठेवा, म्हणजे आग लागलीच तर निम्मं वाचेल. गहू कापणीच्या पंधरवड्यात शेजाऱ्यांना आधी सांगून ठेवा की जाळणार असाल तर फोन करा. भांडण करून कोणी जाळायचं थांबलेलं नाही, फोन मात्र लोक करतात. रस्त्याकडची बाजू सगळ्यात धोक्याची, विडीचं थोटूक तिथून येतं.

चराईचं कोडं तारांच्या कुंपणाने सुटत नाही, हे अनुभवी माणसं मान्य करतील. तीन हेक्टरांचं तारकुंपण महाग, आणि चार वर्षांत खांबही जातात आणि तारही. चर खणायचा तर काळ्या मातीत त्याच्या भिंती दोन पावसाळ्यांत ढासळतात. मुरमाड बाजूला सव्वा मीटर रुंद, मीटरभर खोल चर चालतो, माती आतल्या बाजूला टाकून त्यावर सागरगोटा टोचायचा. त्याचं बी दगडासारखं असतं. खरखरीत फरशीवर एका बाजूने घासून आतला पांढरा भाग दिसेपर्यंत झिजवा, रात्रभर भिजवा आणि मग जूनमध्ये दीड-दोन फुटांवर लावा. काळ्या भागात बांधावर थोर लावा: मेमध्ये हातभर लांब तुकडे कापून आठ-दहा दिवस सावलीत सुकवायचे आणि वीत-सव्वा वीत अंतराने रोवायचे. बांधाच्या माथ्यावरच, सखल जागी ते कुजतात. चीक डोळ्यात जाऊ देऊ नका.

पण खरं कुंपण माणसांचं. इतकी वर्षं कापणीनंतर तुमच्या शेतात गावची गुरं चरत होती, तो त्यांच्या अंगवळणी पडलेला हक्क आहे. तो नुसता ‘बंद’ म्हटल्याने बंद होत नाही. गवत कापून नेऊ द्या. नोव्हेंबरात, बी झडून गेल्यावर, दोन-तीन घरांना विळ्याने गवत कापून डोक्यावर न्यायची मुभा फुकट द्या आणि त्या बदल्यात राखण त्यांच्यावर सोपवा. बी झडण्याआधी कापू देऊ नका, आणि जमिनीपासून चार बोटं वर कापायला सांगा, म्हणजे गुच्छाचा जीव राहतो. पहिली दोन-तीन वर्षं असं गवत बाहेर जाणं तुमच्याच फायद्याचं आहे, त्याबरोबर जमिनीत साठलेल्या खताचा अंश निघून जातो आणि आगीचं इंधनही. मारवाडातले रेबारी मेंढ्या आणि उंट घेऊन पाऊस संपल्यावर माळव्यातून जातात. त्यांच्या म्होरक्याला गाठून पहिल्याच दिवशी हद्द दाखवा. शेकडो मेंढ्यांचा कळप एका रात्रीत वर्षाचं काम चरून जातो, आणि दुसऱ्या दिवशी ओरडून उपयोग नसतो.

चौथ्या-पाचव्या वर्षानंतर थोडी चराई हवीच. कधीच न कापलेलं, न चरलेलं गवत स्वतःच्या वाळक्या काडीत गुदमरतं आणि कुसळी गवत माजतं. डिसेंबर-जानेवारीत तीन-चार गायी-बैल, आणि तेही दोन-तीन आठवडे, एवढं तीन हेक्टरांना पुरे. शेळ्या मात्र रोपं डोक्याबाहेर जाईपर्यंत नकोत.

उपऱ्या तणांवर सगळ्यात जास्त मेहनत जाते, आणि तीही चुकीच्या जागी. गाजर गवतावर लोक जीव काढतात, पण ते गवताच्या सावलीत आपोआप मागे पडतं. त्याला फूल येण्याआधी, जुलै-ऑगस्टमध्ये ओल्या मातीतून उपटा, हातमोजे आणि पूर्ण बाह्यांचा शर्ट घालून, कारण त्याने त्वचेला खाज आणि दमेकऱ्यांना धाप लागते. फुलावर आलेलं उपटून बांधावर टाकलं तर बी तिथेच पिकतं. ज्या मेक्सिकन भुंग्याला 1984 पासून आपल्या देशात सोडलं आहे तो फक्त गाजर गवत फस्त करतो. जबलपूरच्या तण संशोधन संस्थेकडून हे भुंगे मिळवता येतात आणि नांगरट नसलेल्या जमिनीत ते टिकतातही, कारण हिवाळ्यात ते मातीतच झोपतात. ज्या कोपऱ्यात टाकळा दाट आला असेल तो काढू नका, तो गाजर गवताला दाबतो.

घाणेरी हा खरा शत्रू, विशेषतः मुरमाड बाजूला आणि नाल्यात. तिला वरून छाटणं म्हणजे तिला दुप्पट करणं, प्रत्येक छाटावर फुटवे येतात. दिल्ली विद्यापीठाचे प्रा. सी. आर. बाबू यांनी रूढ केलेली पद्धत सोपी आहे: खोड जिथे मूळ होतं त्या सांध्याखाली, मातीत एक-दीड इंचावर, मुख्य मूळ कुदळीने एका घावात तोडायचं आणि सगळं झुडूप उलटं करून, मुळं आकाशाकडे, तिथेच ठेवून द्यायचं. संपूर्ण मूळ खणायची गरज नाही, नव्याने फुटायचे डोळे त्या सांध्यापाशीच असतात. फळ धरण्याआधी करा. मोकळ्या झालेल्या जागी त्याच आठवड्यात गवताचं बी टाका, नाहीतर तिथे तिचीच शेकडो रोपं उगवतील. पुढची दोन वर्षं ती उपटावी लागतात, पण बोटभर असताना ती मुळासकट सहज येतात.

सुबाभूळ आणि विलायती बाभूळ यांचं एकेक झाड दिसलं तरी त्याच वर्षी काढा. विलायती बाभळीचे डोळे बुडख्याच्या जरा खालपर्यंत असतात, म्हणून वीतभर खोल उकरून तोडायची. जमिनीसपाट कापली तर एकाची सहा होतात. सुबाभळीचं बी मातीत वर्षानुवर्षं जिवंत राहतं, झाड तोडल्यावरही रोपं उपटायचं काम चालू ठेवावं लागतं. रानतुळस मुरमाड भागात कमरेइतकी माजते. ऑगस्टमध्ये उपटली तर संपते, ऑक्टोबरात उपटली तर तुम्ही स्वतःच बी पेरत चालता. नाल्यातल्या बेशरमच्या कांड्या कापून पाण्याकाठी टाकू नका, प्रत्येक तुकडा रुजतो. उंच कोरड्या जागी ढीग करून वाळू द्या.

गवताला एकदाच हात द्यायचा असेल तर तो बियांचा. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये जुन्या बीडांतून, रस्त्याच्या आणि रेल्वेच्या कडेने पिकलेलं बी हाताने ओरबाडून घ्या: काळ्या मातीसाठी मारवेल, मुरमासाठी शेडा. ताजं बी लगेच उगवत नाही, काही महिने ते झोपलेलं असतं, म्हणून गोणपाटात भरून पुढच्या जूनपर्यंत कोरड्या जागी ठेवा. चाळलेली माती आणि शेण यांत कालवून वाटाण्याएवढ्या गोळ्या करा. हेक्टरी चार-पाच किलो बी पुरतं. गोळी नाही केली तर ते कुसळं असलेलं हलकं बी वाऱ्याने आणि मुंग्यांनी निम्मं जातं. पहिला चांगला पाऊस होऊन तण उगवायच्या आत, उघड्या जागी टाका, मातीखाली दाबू नका.

झाडांचं बी आणायचं काम पक्ष्यांवर सोपवता येतं, फक्त त्यांना बसायला जागा द्या. उघड्या शेतावरून बुलबुल, मैना, कोकीळ नुसते उडून जातात. दहा-बारा फुटी बांबूवर आडवी काठी बांधून एकरी आठ-दहा अशी ठाणी उभारा, त्यांच्याखाली दोन वर्षांत कडुनिंब, बोर यांसारख्या झाडांची रोपं दिसू लागतात. यातली मेख अशी की तेच पक्षी घाणेरीचीही फळं खातात, म्हणून ठाण्याखालची जागा ऑगस्ट आणि जानेवारीत तपासायची. बांधावरचं वाळलेलं उभं झाड तोडू नका, ते बांबूपेक्षा चांगलं ठाणं आहे आणि पिंगळ्याचं घरही. बोर आणि शिंदीचं बी कोल्हे आणि उदमांजरं आणतात, त्यांना कुत्र्यांपासून वाचवलंत तरी खूप.

जे बी दूर असेल तेवढंच हाताने टोचा. मोहाचं बी जूनमध्ये पडतं आणि काही आठवड्यांतच मरतं, कडुनिंबाचंही तसंच, म्हणून ही दोन्ही गोळा करून त्याच आठवड्यात, दोन बोटं खोल, बोराच्या जाळीच्या कडेला. पळसाच्या शेंगा मे-जूनमध्ये मिळतात, त्या तशाच आडव्या ठेवून वर माती ओढायची. बाभळीचं बी शेळ्यांच्या वाड्यातून आणा. शेळीच्या पोटातून गेलेलं बी जास्त चांगलं उगवतं आणि फुकट मिळतं. जानेवारीत एखाद्या वर्षी पाळा, म्हणजे गोठलेलं दव, पडतो, उघड्यावरची कोवळी रोपं त्यात करपतात, गवताच्या आडोशाची बहुतेक वाचतात. रोपांभोवती ‘आळं साफ’ करायची हौस म्हणूनच आवरा.

पाण्यासाठी जेसीबी बोलावू नका. खोल काळ्या मातीत समपातळी चर काढले की पाणी भेगांतून आतल्या आत वाट करतं, मग वरून बोगदा कोसळून नवी घळ तयार होते. चर काढायचेच तर मुरमाड चढावर. नाल्याला येऊन मिळणाऱ्या लहान ओघळींत दगडांचे किंवा काटक्यांचे अडसर घाला: उंची दोन-अडीच फुटांच्या वर नको, मधला भाग कडांपेक्षा वीतभर खाली, आणि दोन्ही टोकं काठाच्या मातीत हातभर आत घुसवलेली. मधला भाग उंच राहिला तर पाणी कडेने वाट फोडतं आणि ओघळ दुप्पट रुंद होते. ओघळीच्या तोंडापासून सुरुवात करा आणि वर चढत जा. शेजारच्या शेताचं पाणी तुमच्यात उतरत असेल तर त्याबरोबर युरियाही येतो, आणि त्या पट्ट्यात लव्हाळा व बेशरम माजतं. तिथे काठावर मारवेलची दाट पट्टी ठेवा.

शेजाऱ्यांची एक तक्रार खरी असेल, ती झटकू नका. दाटी झाली की नीलगायी, ज्यांना इकडे रोजडे म्हणतात, आणि रानडुकरं दिवसा तुमच्यात बसतील आणि रात्री त्यांच्या गव्हा-हरभऱ्यात शिरतील. म्हणून झुडपांची दाटी नाल्याकाठी आणि मध्यभागी होऊ द्या, हद्दीला लागून पाच-सहा मीटर फक्त कापलेलं गवत ठेवा, जाळरेषा त्यातच येते. याच पट्टीमुळे त्यांच्या फवारणीचं औषध तुमच्या रोपांवर कमी येतं.

शहरात सध्या दर चौरस मीटरला तीन-चार रोपं लावून दाट वन करायची टूम आहे. कारखान्याच्या आवारात ठीक, पण तीन हेक्टरांना नव्वद हजारांहून जास्त खड्डे, दोन-तीन वर्षं पाणी, आणि खाली जे गवत राहायला हवं होतं तेच गायब. शेणखताचे ट्रॉलीभर ढीग टाकायलाही कोणी सांगेल. कंपोस्टची ‘इंदूर पद्धत’ अल्बर्ट हॉवर्ड यांनी इथेच, आजच्या कृषी महाविद्यालयाच्या आवारातल्या संस्थेत 1924 ते 1931 या काळात बसवली, ती पिकासाठी उत्तम आहे. पण इथे पीक काढायचं नाही, आणि ते खत तणं खातील.

वर्षातून दोनदा मोजणी करा, सप्टेंबर-अखेर आणि फेब्रुवारीत. पाच-सहा ठिकाणी लोखंडी खुंट्या ठोका आणि दरवेळी त्याच खुंटीवरून त्याच दिशेला फोटो घ्या. रोज पाहणाऱ्याला बदल दिसत नाही, फोटोत दिसतो. मुरमाड भागात दहा मीटर लांब-रुंद असे पाच चौकोन दोरीने आखून त्यांत गुडघ्यावर आलेली झाडांची रोपं आणि धुमारे मोजा. तिसऱ्या पावसाळ्यानंतर सरासरी चार-पाच भरली, म्हणजे हेक्टरी चारशे-पाचशे, तर झाडांसाठी आणखी काही करू नका. दोनच्या खाली असतील तर आधी कारण शोधा. रोपं आहेत पण सगळ्यांची शेंडं कुरतडलेली, तर शेळ्या शिरतात. बुंधे काळे पडलेले, तर आग. रोपंच नाहीत आणि जवळ फळणारं झाडही नाही, तर बी टोचा. वर्षांचा अंदाजच हवा असेल तर असा: काळ्या भागात गवत बसायला तीन ते पाच पावसाळे, मुरमावर धुमाऱ्यांची झाडं डोक्यावर जायला चार-पाच, आणि खाली सावली धरणारं रान व्हायला पंधरा ते वीस. नाल्याकाठ यापेक्षा लवकर भरतो, तिथे सातव्या-आठव्या वर्षी वाकून चालावं लागतं, म्हणून जाण्यायेण्याची एक पायवाट पहिल्या वर्षीच आखून दरवर्षी छाटत राहा.